रविवारचं भांडण

कांबळे सिस्टरांची नि माझी ओळख भांडणानं झाली. यात माझं काही विशेष नाही. त्या बोळात सगळ्यांचीच त्यांच्याशी ओळख अशीच झालेली होती. नव्वदीच्या सुरुवातीला मला कोल्हापुरात शाळेवर नोकरी लागली आणि एका रविवारी सकाळी हातगाडीवर सामान घालून मी मंगळवार पेठेतल्या एका खोलीत राहायला आलो. एका ओळीत पाच खोल्या, समोर अरुंद बोळ आणि बोळाच्या तोंडाला पाच बिऱ्हाडांत मिळून एक नळ. मी सायकल उतरवली, ती नळाच्या कट्ट्याला टेकवली आणि मागून आवाज आला.

"ओ पावणं! सायकलीला काय पानी पाजाय आनलासा व्हय?"

वळून बघतो तर चाळिशीच्या, ठेंगण्या, काळ्यासावळ्या बाई. पदर कमरेला खोचलेला आणि काखेत हंडा. मी मुकाट्यानं सायकल काढायला लागलो. एवढ्यावर कुणीही गप्प बसलं असतं. पण माझ्या नरमाईनं बाईंची निराशा झाल्यासारखी दिसली.

"काढतासा काय लगेच? नाव काय तुमचं? कंच्या खोलीत आलासा?"

मी नाव सांगितलं, मास्तर आहे म्हणून सांगितलं.

"आज वार कंचा हाय, सर?"

"रविवार."

"ध्येनात ठेवा मग," असं म्हणून त्या हंडा भरायला वाकल्या. या बाईच्या शेजारी दिवस काढायचे आहेत, हे ध्यानात घेऊन मी सायकल माझ्या दाराशी नेली.

सिस्टर चंदगड तालुक्यात एका आरोग्य उपकेंद्रावर नर्स होत्या. आठवडाभर त्या पावसापाण्यात डोंगरातल्या वाड्यावस्त्या हिंडायच्या, बाळंतपणं करायच्या, पोरांना लसी टोचायच्या. शनिवारी दुपारची एसटी धरून दिवेलागणीला कोल्हापुरात यायच्या आणि सोमवारी पहाटेच्या पहिल्या गाडीनं परत जायच्या. तिकडं राहायला सरकारी खोली होती. पण इथं त्यांचे सासरे होते. लग्नानंतर चौथ्याच वर्षी नवरा काविळीनं गेला, पोरबाळ झालेलं नव्हतं, आणि माहेरची माणसं न्यायला आली तेव्हा सिस्टर म्हणाल्या होत्या, "म्हाताऱ्याला कुनाच्या गळ्यात बांधू?" तेव्हापासून घरात ही दोनच माणसं.

सासऱ्यांना सगळे दादूबा म्हणत. सगळा जन्म छापखान्यात खिळे जुळवण्यात गेलेला, त्यामुळं नजर अधू झालेली. रविवारी सिस्टर त्यांची दाढी करायच्या, नखं काढायच्या, वाकळा बोळातल्या दोरीवर टाकून काठीनं बडवायच्या. मग सुकट भाजायच्या. तो वास पाचही खोल्यांत शिरायचा आणि तो शिरावा म्हणून दार सताड उघडं ठेवलेलं असायचं. एवढं झालं तरी मुख्य कार्यक्रम निराळाच. सकाळी सातच्या सुमाराला नळाला पाणी आलं की सिस्टर कुणाशी तरी भांडायच्या. हंड्याला हंडा लागला, पाणी उडालं, कुणी कट्ट्यावर थुंकलं, काहीही पुरायचं.

त्यांचं आवडतं गिऱ्हाईक म्हणजे घोरपडे तात्या. तात्या वीज मंडळातून निवृत्त झालेले. मीटर बघून बघून त्यांना नोंदीची खोड लागली होती. नळाला पाणी कधी आलं, लाईट किती वाजता गेली, कुणाकडं पाहुणे आले, सगळं ते लाल पुठ्ठ्याच्या वहीत लिहून ठेवायचे. शिवाय तात्या उलट बोलायचे. त्यामुळं भांडण रंगायचं.

पुढं एकदा मला हिवताप झाला. सिस्टरांनी तो सगळा रविवार माझ्या उशाशी काढला, कपाळावर पाण्याच्या पट्ट्या ठेवल्या आणि पेजही करून घातली. त्या दिवशी नळावर भांडायला मात्र त्या दहा मिनिटं उठून गेल्या होत्या. परत आल्यावर मी विचारलं, "सिस्टर, तुम्ही इतक्या मायेच्या, मग भांडता कशाला?"

"ग्वाड बोललं की मानूस इसरतंय, सर," त्या म्हणाल्या. "भांडान झालं की वार, येळ, मी कंचं लुगडं नेसलोतो, समदं ध्येनात ऱ्हातंय."

"पण लक्षात राहून करायचंय काय?"

त्यांनी दादूबा झोपलेत का ते डोकावून पाहिलं आणि आवाज खाली आणला. त्यांचा खालचा आवाज मी पहिल्यांदाच ऐकत होतो. "ही भाड्याची खोली म्हाताऱ्याच्या नावावर हाय. ते गेल्यावर कुनाची? घरातलं जे मानूस त्येंच्या संगट ऱ्हात हुतं त्येची. कचेरीतल्या क्लार्कनं सांगितलंय मला. आता मी संगट ऱ्हात हुतो, हे मीच सांगून चालतंय व्हय? धा जनांनी सांगाय पायजे की."

सासरा जिवंत असताना ही बाई त्याच्या मरणानंतरच्या साक्षी गोळा करत होती. मला त्या वेळी त्याचा थोडा रागच आला. आता येत नाही.

खोलीचे मूळ मालक बाळगोंडा अण्णा शिरोळकडचे जैन शेतकरी. दादूबांना पेठेत कुणी खोली देईना, त्या काळात अण्णांनी दिली. दादूबा ती गोष्ट दर पंधरवड्याला सांगायचे. "अण्णांनी माझं नाव इचारलं, काम इचारलं. आडनाव काय इचारलं न्हाय. मीच सांगितलं, तर म्हनले, मला काय करायचंय, खोली सोच्छ ठेवा." अण्णा वारले आणि घर त्यांच्या मुलाकडं, सुकुमारकडं आलं. सुकुमार गोड बोलणारा माणूस. त्याला ते घर पाडून इमारत बांधायची होती. घर त्याचं, कौलं गळकी, तेव्हा त्याचं सगळंच चूक होतं असंही म्हणता यायचं नाही. तो आला की आधी दादूबांच्या तब्येतीची चौकशी करायचा. त्या चौकशीत काळजी असायची, फक्त ती कशाची, हे बोळात सगळ्यांना माहीत होतं.

दादूबा गेले ते ऐन पावसाळ्यात. त्या आधीच्या रविवारी गडहिंग्लजच्या अलीकडं पुलावर पाणी आलं होतं, एसटी बंद होती आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच सिस्टर आल्या नाहीत. मंगळवारी सकाळी दादूबा उठले नाहीत. निरोप पोचून सिस्टर एका ट्रकमधून संध्याकाळी आल्या, गुडघ्यापर्यंत चिखल. त्यांनी सासऱ्याच्या पायावर डोकं ठेवलं, मग हनुवटीवरचे खुंट हातानं चाचपले. "आयतवारची दाढी ऱ्हायली," एवढंच म्हणाल्या. त्या रडल्या नाहीत, आणि त्यामुळं आम्हालाच फार अवघड झालं.

वर्षभरातच सुकुमारनं दावा लावला. म्हणणं असं, की सासरा वारला तेव्हा सून त्याच्याबरोबर राहत नव्हती, ती चंदगडला राहते, तेव्हा खोलीवर तिचा हक्क नाही. दुसरं, खोली सहा महिन्यांच्या वर वापराविना बंद आहे. तेवढ्या कारणावर मालकाला ताबा मागता येतो. आणि तिसरं, वकिलानं भर म्हणून घातलेलं, की ही बाई शेजाऱ्यांना उपद्रव देते.

मी शहाणपणा करायला गेलो. म्हटलं, "सिस्टर, सोडून द्या ना. तुम्हाला पगार आहे. कोल्हापुरात खोल्यांना काय तोटा?"

त्यांनी पायात चपला घातल्या. मग म्हणाल्या, "चला माझ्यासंगं."

त्या रविवारी आम्ही तीन घरं हिंडलो. तिन्ही नव्या कॉलन्यांतली, तिन्हीवर खोली भाड्यानं देणे आहे असा फलक. पहिल्या घरी चहासुद्धा झाला. बाई नर्स आहेत म्हटल्यावर मालकीणबाई खूष, रात्रीबेरात्री उपयोगाच्या. जाता जाता त्यांनी विचारलं, "आडनाव काय म्हणालात?" सिस्टरांनी सांगितलं. मालकीणबाई हसतच राहिल्या, पण हसू गालावर वाळल्यासारखं झालं. "यांना विचारून कळवते हं." दुसरीकडं खोली कालच गेलेली निघाली, फलक काढायचा राहिला होता म्हणे. तिसऱ्या घरी सिस्टर फाटकापाशीच थांबल्या. "तुमीच जावा. माझ्यासाठी म्हनून न्हाय, तुमच्यासाठी म्हनून इचारा." मी विचारलं. खोली मोकळी होती, मालकांनी ती दाखवलीही. मी कुणाचा कोण, हे त्यांना माझ्या आडनावावरून आधीच कळलं होतं.

आम्ही परतलो. बोळाच्या तोंडाशी त्या म्हणाल्या, "कळलं, सर? ह्यी सुटली की मला दुसरी न्हाय." मला माझ्या शहाणपणाची इतकी लाज कधी वाटली नव्हती. ती पुढच्याच महिन्यात पुन्हा वाटायची होती, हे मात्र तेव्हा ठाऊक नव्हतं.

कोर्टानं खोलीची पाहणी करायला एक कमिशनर नेमला. तो आला बुधवारी. बुधवारी सिस्टर कुठल्यातरी वाडीवर कुणाचं बाळंतपण करत असणार, हे सुकुमारला पक्कं माहीत होतं. पाहणीची नोटीस गेली होती म्हणे. ती त्यांना मिळाली शुक्रवारी. कमिशनरनं कुलूप पाहिलं, उंबऱ्यावरची धूळ बोटानं पाहिली, चौकटीच्या कोपऱ्यातलं जळमट पाहिलं आणि सगळं लिहून घेतलं. मी आजारपणाची रजा काढून घरी होतो, माझ्या दारात उभा होतो. "यांना कधी पाहता का तुम्ही?" असं त्यानं सहज मला विचारलं. सुकुमार बाजूलाच उभा होता. आदल्या आठवड्यात तो मला म्हणाला होता, "सर, नव्या इमारतीत तुमची खोली धरलीच आहे मी." मी म्हणालो, "मी शाळेत असतो, मला नीट माहीत नाही."

त्या रविवारी सिस्टर नळावर भांडल्याच नाहीत. बुधवारचं कुणीतरी त्यांच्या कानावर घातलं होतं. सरळ माझ्या दारात आल्या.

"तोंडात काय धरलतासा त्या दिवशी?"

मी काहीबाही बोलायला लागलो.

"तुमचा ताप उतरंस्तवर बसलोतो ती बाई कोन हुती? ती तुमाला म्हाईत न्हाय?" त्यांचा आवाज चढला नव्हता. इतक्या वर्षांच्या लटक्या भांडणांत हे एकच खरं भांडण होतं आणि ते बोळात कुणाला ऐकूसुद्धा गेलं नाही. मी म्हटलं, "सिस्टर, चुकलं. मी कोर्टात साक्ष देतो. सगळं सांगतो."

"नगं," त्या म्हणाल्या. "तुमी आता माझ्या बाजूचं झालासा. बाजूच्या मानसाचं कोन ऐकतंय?"

मग त्या गेल्या आणि पुढच्या रविवारी तात्यांशी नेहमीसारख्या भांडल्या. उलट जास्तच. मी म्हटलं, "अहो, उपद्रवाचा आरोप आहे ना तुमच्यावर? निदान आता तरी गप्प राहा." त्यांनी ऐकलं नाही. तात्या रोज वही घेऊन सुकुमारच्या वकिलाकडं जायला लागले होते आणि बाई आपल्या हातानं आपलं सरण रचतेय असं मला वाटत होतं.

तात्यांची साक्ष झाली त्या दिवशी मी रजा काढून कोर्टात गेलो. सिस्टर पहिल्या बाकावर, मांडीवर बॅग घट्ट धरून. तात्यांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. सुकुमारच्या वकिलानं विचारलं, "प्रतिवादी बाई शेजाऱ्यांना त्रास देतात?"

"देत्यात."

"किती दिवसांपासून?"

"समदं वहीत हाय. तारीखवार."

वकिलानं मोठ्या खुशीत वही कोर्टापुढं ठेवली. मग सिस्टरांचा वकील उठला. पोरगेलासा होता. त्यानं सुरुवात केली, "माझं म्हणणं आहे की अशी भांडणं कधी झालीच नाहीत..." आणि तो मागं ओढला गेला. सिस्टरांनी बाकावरून वाकून त्याचा काळा डगला धरला होता.

"झाल्यात म्हना की!" त्यांची कुजबुज अख्ख्या कोर्टाला ऐकू गेली. "समदी वही वाचाया लावा त्यांना!"

पोराच्या डोक्यात उजेड पडायला क्षणभर लागला. मग त्यानं तात्यांना वही वाचायला सांगितली. तात्या चष्मा लावून वाचायला लागले. रविवार, सात दहा, नर्सबाईनं हंड्यावरून वाद घातला. पुढचा रविवार, सात पाच, नर्सबाईनं कट्टा धुण्यावरून वाद घातला. शनिवार सायंकाळ, नर्सबाई आल्या, रविवार, वाकळा बडवल्या, धूळ आमच्या घरात. रविवारामागून रविवार. वर्षामागून वर्ष. दादूबा असतानाचे आणि गेल्यानंतरचे. सहा महिने बंद असलेल्या खोलीतून ही बाई दर आठवड्याला भांडायला बाहेर येत होती. सुकुमारच्या वकिलाच्या चेहऱ्यावरचा रंग हळूहळू उतरत गेला.

पण तोही मुरलेला होता. तो उठला. "साहेब, प्रश्न मृत्यूच्या वेळचा आहे. तात्या, दादू कांबळे मंगळवारी वारले. त्याच्या आधीच्या रविवारची नोंद वाचा."

सिस्टरांनी डोळे मिटले. त्या रविवारी त्या नव्हत्या, हे त्यांना, मला नि तात्यांना चांगलं माहीत होतं.

तात्यांनी पान उलटलं. वाचलं. मनातल्या मनात.

"मोठ्यानं," वकील म्हणाला.

"रविवार. जोराचा पाऊस. पुलावर पाणी, गाड्या बंद. नर्सबाई आल्या नाहीत."

वकील हसला आणि खाली बसणार, इतक्यात न्यायाधीश म्हणाले, "पुढं काहीतरी लिहिलेलं दिसतंय."

तात्यांचे कान लाल झाले होते. त्यांनी एकदा सुकुमारकडं पाहिलं, एकदा सिस्टरांकडं, आणि वही डोळ्यांजवळ नेली. "नळावर भांडण नाही. सकाळपासून चुकल्यासारखं वाटलं."

न्यायाधीशांनी लेखणी खाली ठेवली. "म्हणजे त्या येणार हे तुम्ही धरून चालला होता?"

"व्हय, साहेब," तात्या म्हणाले. "त्या दिवशी हंडा घिऊन आठपत्तोर थांबलोतो की मी."

निकाल लागायला आणखी बरेच महिने गेले. नवा भाडे कायदा आला होता, वकील काहीतरी नवी कलमं बोलत होते. पण निकाल सिस्टरांच्या बाजूनं लागला. नोकरीपायी बाहेर असणं म्हणजे घर सोडणं नव्हे, असं त्यात लिहिलं होतं. सुकुमारनं अपील केलं नाही. सिस्टरांनी बोळात काजू वाटले, पहिली मूठ तात्यांना. आणि पुढच्याच रविवारी सातला नळावरून त्यांचा आवाज आला. मी म्हटलं, "आता कशाला, सिस्टर? जिंकलात की."

"मी जिकलो, सर. माझ्या माघारी काय?"

त्याचा अर्थ मला तेव्हा लागला नाही. मी पुढं कर्ज काढून उपनगरात घर घेतलं, बोळ सुटला. सिस्टर निवृत्त होऊन कायमच्या तिथं राहायला आल्याचं कळलं, तात्या गेल्याचं कळलं. जाऊ जाऊ म्हणत वर्षं गेली. अखेर दोन हजार सात-आठच्या सुमारास एका सकाळी गेलो. बोळ तसाच होता, इमारत झालेली नव्हती. मी स्कूटर नळाशेजारी लावली.

"ओ पावणं! गाडीला... गाडीला काय पानी पाजाय आनलासा व्हय?"

अठरा-एकोणीस वर्षांची किडकिडीत पोरगी. नर्सिंगच्या कोर्सचा पांढरा पोशाख अंगावर, काखेत हंडा. शब्द भांडणाचे, पण आवाज देवळात आरती म्हणावी तसा भिऊन काढलेला. मला हसू आलं. तेवढ्यात उंबऱ्याकडं लक्ष गेलं. सिस्टर खुर्चीत बसल्या होत्या, शाल पांघरून. निम्म्या झाल्या होत्या. डोक्याला बांधलेल्या रुमालाखाली केस नव्हते. आपल्याला काय झालंय आणि किती दिवस आहेत, हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती.

"चुलत दिराची लेक हाय, सुजाता," त्या मला म्हणाल्या. "आईबाप न्हाईत. संगट ऱ्हाती माझ्या." मग पोरीकडं बघून, "जोरात की गं! आन् नाव इचार त्यांचं."

"नाव काय तुमचं?" पोरगी माझ्याकडं न बघता म्हणाली.

तेव्हा मला सगळं लख्ख कळलं. मी शाळामास्तर, बोळात कुणाशी मोठ्यानं बोललो नव्हतो, बोलायला हवं होतं त्या बुधवारीही बोललो नव्हतो. मी हँडलवर हात आपटला आणि अख्ख्या पेठेला ऐकू जाईल असा ओरडलो, "नाही काढत गाडी! काय करायचं ते कर! नळ काय तुझ्या बापाचा आहे? तू कोण गं मला विचारणारी?"

पोरगी दचकली. दारं उघडायला लागली. एक, दोन, तीन. नवी बिऱ्हाडं, अनोळखी चेहरे. तिनं एकदा चुलतीकडं पाहिलं, हंडा दाणकन कट्ट्यावर ठेवला आणि कमरेला ओढणी खोचली.

"मी कोन?" ती ओरडली. "मी हितं ऱ्हातो!"

उंबऱ्यावर सिस्टरांनी डोळे मिटून मान हलवली. मी आणखी दहा मिनिटं भांडलो आणि जाताना बघ्यांना ऐकू जाईल अशा बेतानं आजचा वार विचारला.